नाक्यावरची लेक

"आबा, बंदूक आत नेता येणार नाही," नाक्यावरची वनरक्षक म्हणाली, तसे सुभेदार आबांच्या मागे उभे असलेले त्यांचे पलटणीतले जुने मित्र खो खो हसले. ती आबांची धाकटी लेक होती. 'लेकच नाक्यावर आहे, आपल्याला कोण अडवतंय,' असं वाटभर सांगत आबांनी मित्रांना गड चढायला आणलं होतं. जंगलात अस्वलं फार, म्हणून बंदूक.

"परवाना आहे की माझ्याकडं!"

"तो बाळगायचा. अभयारण्यात न्यायला वनखात्याची वेगळी परवानगी लागते."

"मग चौकीत ठेवून घे."

"तुमचं हत्यार मला ठेवता येत नाही, आबा. तुम्ही तरी दिलं असतं का कुणाच्या हाती?"

"सुभेदार, गडाखालीच कडेलोट झाला की तुमचा!" एका मित्रानं टोला हाणला.

आबांचे कान तापले. दरडावायला त्यांनी तोंड उघडलं, तोच अडसरावरची लेकीची मूठ आणखी घट्ट आवळलेली दिसली. पहिल्या पहाऱ्यावर जवान बंदूक अशीच आवळून धरतो. तिचे पायही जागचे हलले नव्हते. आबा एकदम सावधानमध्ये ताठ उभे राहिले.

"तुम्ही चढा रे," ते मित्रांना म्हणाले आणि बंदूक राखायला ती घेऊन आपल्या गाडीत जाऊन बसले.

थोड्या वेळानं दुसरी गाडी आली. तिच्यातला बंदूकवाला नाक्यावर हुज्जत घालू लागला. आबांनी काच खाली केली.

"अहो, उगाच घसा कोरडा करू नका. मी तिचा सख्खा बाप. मलाच सोडलं नाही तिनं!"