अडतिसावी ओळ

यादीत अडतीस साइट्स होत्या. सदतीस तिने चहा गार व्हायच्या आत बंद केल्या.

चोरून सिनेमे दाखवणाऱ्या साइट्स बंद करताना तिचा हात कधी अडखळत नसे. तिचा भाऊ सिनेमाचा संकलक. दोन वर्षं खपून जोडलेला त्याचा सिनेमा थिएटरात लागायच्या आधीच या लोकांनी फुकट वाटून टाकला, आणि नंतर वर्षभर तो घरी बसून होता. त्यामुळे कोर्टाची यादी तिच्या इंटरनेट कंपनीत आली, की ती स्वतःहून मागून घ्यायची. नाव टाकायचं, बटण दाबायचं, की शहरभरातल्या पडद्यांवर एकच ओळ यायची : 'ही साइट बंद करण्यात आली आहे.' ही ओळही तिनेच लिहिलेली. कुणाचं नाव नाही, कुणाकडे बोट नाही, सगळे नामानिराळे. साहेबांना ती फार आवडली होती.

अडतिसाव्या ओळीवर घोडं अडलं.

ही साइट सिनेमांची नव्हतीच. कारखान्यात बॉयलर फुटून एकवीस जण गेले होते, त्यांच्या घरच्यांची होती. तिथे जबान्या होत्या, फोटो होते, आणि कारखान्याच्या जाहिरातीतला अर्ध्या मिनिटाचा एक तुकडा होता. त्यात तोच बॉयलर नवाकोरा, चकचकीत दिसत होता. यादीत कारणाच्या रकान्यात लिहिलं होतं : 'जाहिरातपटाचा विनापरवाना वापर.'

ती कागद घेऊन साहेबांच्या टेबलाशी गेली.

"साहेब, ही चुकून आलीय बहुतेक. एवढ्याशा तुकड्यासाठी अख्खी साइट?"

साहेबांनी मान वर न करता विचारलं, "यादीत आहे ना?"

"आहे."

"खाली शिक्का?"

"तोही आहे."

"मग आपण कशाला डोकं चालवायचं? आज एक सोडली, की उद्या दहा जण विचारतील, आमची का नाही सोडली. आणि मॅडम, भावाचं विसरलात वाटतं?"

भावाचं ती विसरली नव्हती. ती जागेवर येऊन बसली. राग आला होता, आणि आपण आणखी दोन वाक्यंसुद्धा बोललो नाही याची लाज त्याहून जास्त वाटत होती. पण बोटांना सवय होती. तिने नाव टाकलं, बटण दाबलं आणि तळाचा गार चहा एका घोटात संपवला.

दोन मिनिटांत फोन वाजला. बाबा होते. चाळीस वर्षं शाळेत व्याकरण शिकवून निवृत्त झालेले, आणि अजूनही दुसऱ्यांच्या लग्नपत्रिकेतले ऱ्हस्व-दीर्घ लाल पेनाने सुधारणारे.

"अगं, तुमच्या नेटला काय धाड भरलीय? त्या कारखान्याच्या बायकांच्या जबान्या टाइप करून देतोय मी—"

"तुम्ही? कधीपासून?"

"महिना झाला. त्या सांगतात, मी लिहितो. एका बोटाने, पण शुद्ध. सोमवारी चौकशीवाले तिथलंच वाचणार आहेत. आत्ता एक लिहून झाली, 'जतन करा' दाबलं, तर सगळं गेलं आणि भलतंच काहीतरी आलं."

तिने यादीतली अडतिसावी ओळ पुन्हा वाचली.

बाबांनी आवाज खाली आणला. "बाई इथेच बसल्यात. तीन तास बोलत होत्या गं. नवऱ्याला कशावरून ओळखलं, तेसुद्धा सांगितलं. आता परत सांगा म्हणू कोणत्या तोंडाने?"

"काय आलंय पडद्यावर?" तिने विचारलं. जसं काही तिला माहीतच नव्हतं.

"'ही साइट बंद करण्यात आली आहे.'" बाबांनी सावकाश, एकेक शब्द सुटा वाचला. "वाक्य चुकलेलं नाही. पण लबाड आहे. कर्ता कुठे आहे यात?"

तिने रिकामा कप बाजूला सरकवला.

"लहानपणी कर्ता सापडला नाही, की रडायला लागायचीस. काय शिकवलं होतं मी? धातूला 'णारा' लावायचा आणि 'कोण' म्हणून विचारायचं." आणि वर्गात विचारायचे तसंच त्यांनी विचारलं, "बंद करणारा कोण?"

बाबांच्या मागून त्या बाईंचं नाक ओढणं फोनमध्ये स्पष्ट ऐकू येत होतं.

"करणारी, बाबा," ती म्हणाली.