एक हात तुमचा

बाबांनी पुन्हा बूट हाणला, दादाचा ओठ फुटला. बाबा आमच्या शाळेत पीटीचे सर, आणि दहावीतला दादा लेस सुटून मैदानावर सगळ्यांसमोर आपटला होता. “घोडा झालास, लेस बांधता येत नाही? मुद्दाम करतोस.” डॉक्टर म्हणाले होते, मेंदूच्या दोन भागांना जोडणारा पूल दादाला जन्मतःच नाही, म्हणून डाव्या हाताला उजव्याचं पटकन कळत नाही. बाबांना ते थोतांड वाटायचं. मी बूट हिसकावून माझ्या पायात घातला. “मारा नंतर. आधी ही लेस बांधू. एक हात तुमचा, एक माझा. बोलायचं नाही.” बाबा गुरगुरत वाकले. गाठ सुटली. परत सुटली. बाबांनी फाडकन माझ्या मुस्काटात मारली. “मुद्दाम सोडतेस.” कान वाजत होते, तरी मी लेस सोडली नाही. दादाने रक्त पुसत काळजीने विचारलं, “बाबा, तुम्हालाही पूल नाही?”