मागून पडणारा उजेड

"हा नको. ह्याचा उजेड फार पसरतो," म्हणत सिनेमाच्या निवृत्त ऑपरेटरने सायकलचा लाइट काउंटरवर परत ठेवला.

दुकानदाराने कपाळाला हात लावला नाही, एवढंच. सकाळपासून हे एकच गिऱ्हाईक आणि त्याच्यापुढे खोक्यांचा ढीग. "काका, पसरतो म्हणून तर लोक घेतात. खड्डाही दिसतो आणि कडेचं कुत्रंही दिसतं."

"मला लांब जाणारा हवा. अरुंद. कुणाच्या डोळ्यात न जाणारा."

"मग हा घ्या. फुल्लवर लावलात तर बॅटरी लगेच मान टाकेल, मधल्यावर ठेवा. चार्जिंगची पिन मात्र नीट आत बसवायची. अंधाराचं जाता तरी कुठे?"

"असंच. पाय मोकळे करायला."

दुकानदाराने मागच्या गोदामातला दिवा घालवला. ऑपरेटरने तिथल्या भिंतीवर झोत टाकला, थोडा मागे सरकला, झोत खाली उतरवला आणि मान डोलावली. सारी नोकरी त्याने हेच केलं होतं. सिनेमाच्या थिएटरात मागच्या खोलीत उभं राहून लोकांच्या डोक्यांवरून उजेड पडद्यावर न्यायचा. त्या कामाने त्याला एक गोष्ट पक्की शिकवली होती. समोर उजेड पडला की तो कुठून येतोय हे बघायला कुणी मागे वळत नाही.

पाय मोकळे करायची गोष्ट अर्थातच थाप होती. बायको गेल्यावर त्याची मुलगी दर रविवारी यायची आणि एकच धोशा लावायची, "बाबा, माझ्याकडे राहायला चला." एका रविवारी त्याचं डोकं फिरलं. "मला कुणाची सोबत लागत नाही. तुझी तर नाहीच नाही," तो म्हणाला. चहा अर्धा टाकून ती उठली, ती पुन्हा आली नाही. फोन आधी कुणी करायचा यावर दोघंही अडून बसली. हट्टाच्या बाबतीत लेक थेट बापावर गेली होती.

मग घर खायला उठू लागलं. तो टीव्ही नुसता बोलत ठेवायचा आणि स्वतः आतल्या खोलीत जाऊन बसायचा. कुणीतरी बाहेर आहे असं वाटायचं, तेवढंच.

अशातच एका संध्याकाळी बेकरीच्या दारातून त्याला मुलगी दिसली. लॅबमध्ये दिवसभर लोकांची रक्तं तपासून ती सायकलवरून खोलीवर निघाली होती आणि कालव्याच्या रस्त्याला वळत होती. त्या रस्त्यावर औषधालाही दिवा नाही, एका अंगाला पाणी, आणि हिच्या हँडलला लाइट नाही! हातातला पाव तिथेच ठेवून त्याने सायकल काढली आणि मिणमिणता टॉर्च धरून तिच्या मागे निघाला. दुसऱ्या दिवशीही तिच्या हँडलला लाइट नव्हता. तिसऱ्या दिवशी तो दुकानात गेला.

नवा लाइट कामाचा निघाला. टोपी खाली ओढून, मफलर नाकापर्यंत गुंडाळून तो लॅबसमोरच्या झाडाआड थांबायचा. ती निघाली की जरा अंतर सोडून निघायचा. अगदी पाठीमागून झोत टाकला तर तिची सावली तिच्याच वाटेत पडली असती, म्हणून तो रस्त्याची दुसरी कड धरायचा आणि झोत बरोबर तिच्या चाकापुढे टाकायचा. ती सायकल अगदी सावकाश चालवायची. दमत असेल बिचारी, असं त्याला वाटायचं. एकदा वाटेत त्याची चेन पडली. धापा टाकत तो पोचला तेव्हा लॅब बंद झाली होती, पण ती फाटकाशी वाकून टायर चाचपत होती. नशीब, तो मनात म्हणाला.

तिच्या खिडकीत दिवा लागला की तो परत फिरायचा. घरी आल्यावर रिकाम्या खुर्चीला सांगायचा, "ब्रेक वाजताहेत तुझे. तेल घाल." दिवसभरात तेवढंच काय ते बोलणं व्हायचं. तिने ओळखलं तर ती चिडेल, रस्ता बदलेल आणि हेही जाईल, या भीतीने तो कधी खोकलादेखील नाही.

आणि एका संध्याकाळी ऐन कालव्याच्या मध्यावर लाइट लाल लुकलुकला आणि विझला. पिन नीट बसली नव्हती.

काळोख असा की स्वतःचे हात दिसेनात. त्याने ब्रेक दाबला. पुढे तिच्या सायकलची कुरकुर क्षणभर ऐकू आली, मग तीही थांबली. पाणी तेवढं वाजत होतं. ती पडली का? कडेला गेली का? सायकल तशीच टाकून तो हात पुढे करून चाचपडत निघाला. आपण मेलो तरी चालेल, पण हिला काही होऊ नये, एवढंच त्याच्या मनात होतं.

"बाबा, आहात तिथेच थांबा. डावीकडे पाणी आहे."

पिशवीची चेन उघडल्याचा आवाज आला. खट्‌कन पांढराशुभ्र झोत लागला, रस्त्यावरून सरकत सरकत त्याच्याकडे आला आणि डोळ्यांत जाऊ नये एवढा खाली वळून त्याच्या पायांशी थांबला.

त्याने त्या झोताकडे बघितलं. "तू... तू नवा लाइट घेतलास?"

"नवा कुठला? पहिल्यापासून आहे. त्या पहिल्या संध्याकाळी तेवढा चार्जिंगला खोलीवर राहिला होता," ती म्हणाली. "पण मी तो लावला असता, तर तुम्ही रोज आला असतात का?"