समुद्र नसलेलं आरमार

डोळे अधू झाले म्हणून नझीर सारंगाला, खलाशांच्या मुकादमाला, बोटीवरून उतरवलं, त्याला बारा वर्षं झाली. आता तो कुवेतमधल्या फहाहीलच्या बाजारात कापड मोजायचा. तरी खलाशांना कामाला लावणारी आपली पितळी शिट्टी तो दर शुक्रवारी चिंचेने घासून लखलखीत करायचा.

मुलगी लैला शेजारीच बसली होती. "अब्बा, बाईंनी परवा बोलिव्हिया शिकवला. त्यांचा समुद्र चिलीने १८७९च्या लढाईत घेतला. तरी त्यांनी आरमार ठेवलंय, डोंगरातल्या तळ्यावर." लैला हसली. "समुद्रच नाही, तर आरमार कशाला?"

नझीरने शिट्टी उजेडात धरली. फुंकली तर थेट त्या तळ्यापर्यंत ऐकू जाईल, असं त्याला वाटलं.

"बाईंना विचार गो," तो हळूच म्हणाला, "तिथे सारंग हवाय का."