खड्ड्यातली माती

कुरवंड्यात दत्तोबाचं घर उभं राहायचं होतं. राजमहंमद गवंड्यानं जमीन पारखायला खड्डा खणला आणि निघालेली माती त्यातच परत भरली. माती उरली तर जमीन घर पेलते. इथं खड्डा भरलाच नाही.

"भाऊ, दुसरी जागा बघा. ही दबंल."

"न्हाई," दत्तोबाची बायको सरुबाई म्हणाली. "सासूबाई मरताना म्हनल्या, 'हितंच बांधा. माजं एक बोट विळ्यानं गेलंय, पर चार बोटांवर बी तुमचं घर पेलीन.'"

खड्ड्यातली माती हलली. ती फुगत काठाशी आली आणि तिच्यातून मातीचाच पंजा वर उठला. चार बोटांचा.

राजमहंमद मागं सरला. सरुबाईनं डोक्यावर पदर घेतला आणि पंज्यावर अलगद हात ठेवला.

मातीची बोटं तिच्या हाताभोवती मिटली.