वाद्यांच्या पट्टीतला माणूस

लेनवर्थचा हात थोडा आधी खाली आला आणि जॅसिंथ चुकली. सलग दुसऱ्यांदा.

"थांबवा," काचेपलीकडून स्टुडिओचा मालक मिस्टर लिंडो खेकसला. "पोरी, लेन समोर उभा राहून हाताने दाखवतोय. अजून काय बँड लावून बोलवायचं तुला गाण्यात?"

"माझंच चुकतंय सर," जॅसिंथ म्हणाली. सतरा वर्षांची पोर. पहाटेच्या बसने गावाहून किंग्स्टनला आली होती, चर्चला जायचे बूट घालून. कानाला हेडफोन लावून माइकपुढे उभी राहून ती घामाने भिजली होती, कारण पंख्याचा आवाज टेपवर येतो म्हणून पंखा बंद होता.

लेनवर्थने तिच्या नजरेला नजर दिली नाही. दोन्ही वेळा त्याने हात मुद्दाम आधी खाली आणला होता.

बारा वर्षं तो या शहरातल्या स्टुडिओंत बास गिटार वाजवत होता. ऑरेंज स्ट्रीटवरच्या दुकानांत दिवसभर जी गाणी वाजायची, त्यांतल्या निम्म्यांत बास त्याचा असायचा, आणि नाव एकावरही नसायचं. मला गायचंय म्हटलं की मालक मंडळी हसायची. गायक पायलीचे पन्नास मिळतात, लेन, तुझ्यासारखा बासवाला एकच. शेवटी फेब्रुवारीत मिस्टर लिंडो कसाबसा तयार झाला. गाणं लेनवर्थचं, बास त्याचा आणि आवाजही त्याचाच, असं टेपवर भरलं गेलं. त्याची बायको मर्लीन तीन वर्षांपूर्वी समुद्रापार बर्मिंगहॅमच्या इस्पितळात कामाला गेली होती. गाणं तिच्यासाठीच होतं. तिकडच्या दुकानांत इथल्या गाण्यांच्या तबकड्या पोचत. त्याने पत्रात लिहिलंही होतं, या खेपेला तुला मी ऐकू येईन.

जून उजाडला तरी तबकडी निघाली नाही. आणि आज सकाळी मिस्टर लिंडोने बोलावून सांगितलं, "बास सोन्यासारखा झालाय. आवाज मात्र अळणी. त्यावर ही पोर गाईल. तू तिला जागा दाखव."

टेपला पट्ट्या दोनच. एकीवर सगळी वाद्यं, दुसरीवर आवाज. दुसरीवर नवा आवाज भरला की जुना कायमचा पुसला गेला. कोरी टेप वापरायची तर मिस्टर लिंडोच्या जिवावर येई. त्याने एवढीच अट घातली होती, की आधी पोरीने एकदा तालमीत बरोबर गाऊन दाखवायचं. मगच रेकॉर्डिंगचा लाल दिवा लागेल.

चाल पियानोवाल्याने तिच्याकडून पाठ करून घेतली होती. लेनवर्थने तिच्यासमोर गायला तोंड उघडलं नव्हतं. चाल तिला आली, अडत होतं ते सुरुवातीला. त्याचा बास वाजता वाजता एकदम गप्प होई, आणि तिथे कुणालाही गायला तोंड उघडावंसं वाटे. गाणं मात्र त्यापुढे एक श्वास थांबून सुरू होत होतं. तो एक श्वास आज लेनवर्थच्या हातात होता.

"शेवटची तालीम," मिस्टर लिंडो म्हणाला. "चार वाजता दुसरा बँड येतोय. नाही जमलं तर टेप कपाटात, आणि तू तुझ्या गावाला."

जॅसिंथने मान हलवली. पहिली ओळ ती ओठांतल्या ओठांत घोकू लागली. लेनवर्थला स्वतःची लाज वाटली. या वेळी बरोबर दाखवायचं, त्याने ठरवलं. हिने त्याचं काय वाकडं केलं होतं?

टेप सुरू झाली. तिच्या हेडफोनमधून झिरपणारे ड्रम त्याला बारीक ऐकू आले. मग त्याचाच बास आला. त्याने हात वर धरला. आता ही गाईल आणि मर्लीनला ऐकू येईल दुसरीच कोणीतरी, हे त्याच्या मनात आलं. बास गप्प झाला आणि त्याचा हात खाली आला. आधीच.

जॅसिंथचे डोळे मिटलेले होते. ती एक श्वास थांबली आणि अचूक जागेवर आली.

"हीच," मिस्टर लिंडो ओरडला. "टेप मागे घ्या. दिवा लावा."

लाल दिवा लागला. अडीच मिनिटं लेनवर्थ तिच्यासमोर उभा होता. ती एकेक ओळ गात होती आणि पलीकडे टेपवरून त्याची एकेक ओळ पुसली जात होती. पोर सुरेख गात होती. तेही त्याला सहन होत नव्हतं.

दिवा विझला. यंत्रावरच्या फिट्झने गाणं पुन्हा ऐकायला लावलं. जॅसिंथने कपाळ पुसलं.

"जागा कशी सापडली तुला?" लेनवर्थने विचारलं.

तिने हेडफोन काढून त्याला दिला. "नीट ऐका. मागे कोणीतरी गातोय."

त्याने हेडफोन कानाला लावला. आधी फक्त तिचाच आवाज आला. मग ती ओळीच्या शेवटी श्वासाला थांबली, आणि त्या फटीत, ड्रमच्याही मागून, बारीक आवाजात एक माणूस तीच ओळ पुरी करत होता. फेब्रुवारीत लेनवर्थ ड्रमच्या शेजारी उभा राहून गायला होता. ड्रमच्या माइकने तो पकडला होता. आवाजाची पट्टी पुसली गेली होती, पण तो वाद्यांच्या पट्टीत शिरून बसला होता, आणि तिथून त्याला काढणं कुणाच्याच हातात नव्हतं. उद्या या वाद्यांवर कोणीही गायलं तरी तो मागे असणारच होता. बर्मिंगहॅमलाही.

"कोण आहे, तुम्हाला माहीत आहे?" जॅसिंथने विचारलं.

लेनवर्थने हेडफोन कानावर तसाच दाबून धरला.

"असू दे, कोणी का असेना," ती हळूच म्हणाली, काचेपलीकडे ऐकू जाऊ नये अशा बेताने. "राग मानू नका, लेनदादा. तुमचा हात तिन्ही वेळा चुकला. तो एकदाही चुकला नाही."