चौथी जागा

चौथ्या जागेवर कोणती विद्या ठेवायची, यावर बापलेक सकाळपासून अडून बसले होते.

हातात मावणारा, काचेवर बटणं दाबून खेळायचा तो खेळ. त्यातल्या गवतातून हिंडायचं आणि समोर येतील ते जीव धरायचे. हजारोंत एखादा वेगळ्याच रंगाचा निघतो. विद्याधर आप्पांना त्यातला बगळा हवा होता. बाकीचे बगळे राखेच्या रंगाचे. हा म्हणे ओल्या हळदीचा. तो कधी समोर येईल याचा नेम नाही, म्हणून सोबतीला एक मदतनीस आधीच तयार ठेवायचा, जो वार करील पण जीव घेणार नाही. अशा मदतनिसाला विद्या येतात चारच. पाचवी शिकवली की आधीची एक तो विसरतो.

त्यांच्या लेकीने, पूर्वीने, पेटत्या पंखांचा एक देखणा प्राणी सुचवला होता. आप्पांनी मातकट, बसक्या नाकाचा जीव उचलला आणि त्याचं नाव ठेवलं ‘गडी’.

“मिरवेलीला आधाराला पांगारा लावतात, पूर्वी. हापूस नाही लावत.”

तीन विद्या ठरल्या. वास सोडून जीवांना जवळ बोलावणं, कणभर प्राण उरेल इतकाच वार, मग झोप. चौथी पूर्वीच्या मते एकच असू शकत होती, वाट अडवणं. बगळा भित्रा. वार बसला की झोप लागायच्या आतच उडायचा. आप्पांना मात्र फुंकर हवी होती, समोरच्याची जखम भरून काढणारी.

“वार आपणच करायचा आणि फुंकरही आपणच घालायची?” पूर्वी म्हणाली. “शिकारीला निघालात की त्याच्या माहेरपणाला?”

“बरं बाई. घाल तुझी अडवण.”

ती घालणंही सोपं नव्हतं. विद्या शिकवणारी म्हातारी खेळातल्या समुद्रापलीकडे राहायची. होडी, गुहा, निसरडी वाट. तिळाएवढी बटणं, आणि एक चुकलं की पुन्हा किनाऱ्यावर. लेकीची धडधाकट बोटंसुद्धा अवघडून गेली. आप्पांच्या अंगठ्याला ते झेपणारं नव्हतंच.

वटपौर्णिमेच्या सुमारास पक्षाघाताचा झटका येऊन आप्पांचा उजवा हात निजला होता, आणि गिरीजच्या वाडीत त्यांना पाहायला कोणी नाही म्हणून पूर्वी हैदराबादहून निघून आली होती. भाऊ, उमंग, कॅनडात. तो रविवारी फोनच्या काचेत उगवायचा आणि मावळायचा. अंगठा हलता ठेवा, असं व्यायाम शिकवणाऱ्या बाईंनी बजावलं होतं. त्यांनी दिलेला रबरी चेंडू आप्पांनी डाव्या हाताने केळीत भिरकावला. तेव्हा माळ्यावरून उमंगचा हा जुना खेळ खाली आला, आणि देवाला कौल लावावा तसं पूर्वीने बोलून टाकलं, “ज्या दिवशी ह्या अंगठ्याने हळदीचा बगळा धराल, त्या दिवशी मी बॅग भरीन.”

हैदराबादच्या कंपनीने तिची जागा दिवाळीपर्यंतच राखली होती. त्यानंतर नाही, हे त्यांनी गोड आवाजात पण स्पष्ट सांगितलं होतं.

दिवस मात्र गवतासारखे एकामागून एक, एकाच रंगाचे. सकाळी आप्पांच्या सदऱ्याची बटणं लावायची. भात कालवून द्यायचा. औषधं. मग पडवीत बसून त्यांचा अंगठा बटणावर घसरताना बघायचा. राखी बगळा, पुन्हा राखी बगळा. कंटाळ्याचंही एक शेवाळ असतं. ते तिच्या बोलण्यावर, झोपेवर, आरशावर चढलं होतं. पानाच्या डब्यात कधीमधी बारीक कातरलेली सुपारी दिसे. केर काढायला येणारी बायजा कातरून ठेवत असेल, असं ती धरून चाले. विचारायचंही त्राण उरलं नव्हतं.

धनत्रयोदशीच्या दुपारी ती पणत्या भिजत घालत होती.

“पूर्वी, इकडे ये.”

आप्पांचा आवाज इतका हळू होता की ती हात न पुसताच धावली. काचेवर, करड्या गवतात, एका पायावर तो उभा होता. ओल्या हळदीचा.

ती त्यांच्या खुर्चीशी टेकली. गडी पुढे सरला. वार बसला, आणि बगळ्याच्या प्राणाची रेघ आटत आटत लाल ठिपक्याएवढी उरली.

“आता अडवा, आप्पा. लवकर.”

अंगठा चौथ्या ओळीवर गेला. थांबला. मग दाबला.

बगळ्याभोवती भिंत उभी राहिली नाही. त्याच्या अंगावरून एक हिरवट उजेड फिरला. रेघ भरत भरत टोकाला पोचली. त्याने मान उचलली, पंख उघडले, आणि मागे नुसतं गवत हलत राहिलं.

पूर्वीच्या हातावरची माती सुकू लागली होती.

“ही फुंकर होती,” ती म्हणाली.

“हो.”

“मी अडवण घातली होती.”

“मी काढली, म्हातारीकडे जाऊन. परवा, तू आगाशीच्या बाजारात गेलीस तेव्हा.”

“म्हणजे पुन्हा पहिल्यापासून. आप्पा, माझी जागा तिकडे…”

ती बोलता बोलता थबकली. तिला समुद्र आठवला. होडी, गुहा, निसरडी वाट. तिळाएवढी बटणं. ती त्यांच्या अंगठ्याकडे नीट बघत राहिली, कित्येक दिवसांत पहिल्यांदाच.

आप्पांनी खेळ बाजूला ठेवला. डब्यातून अडकित्ता काढला, उजव्याच हाताने, आणि सुपारीची पातळ चकती तिच्या मातकट तळव्यावर पडली.

“बॅग भर,” ते म्हणाले. “धरायला हा अंगठा गणपतीतच शिकला होता. सोडायला शिकता शिकता दिवाळी उजाडली.”